कात्री, चमत्कार आणि पोटापाण्याचा हिशेब

पदवीचा निकाल हाती पडला की 'आता पुढे काय?' हा प्रश्न आपल्या सीमाभागातल्या विद्यार्थ्याला दोन भाषांतून विचारला जातो. त्याची उत्तरे वर्षानुवर्षे ठरलेली असत: बी.एड., बँकेची परीक्षा, नाहीतर पुण्याची किंवा बंगळूरची गाडी. गेल्या काही वर्षांत या उत्तरांत एका नव्या धंद्याची भर पडली आहे. 'सर, मी एडिटिंग शिकणार', 'मला व्हीएफएक्समध्ये जायचे आहे', असे सांगणारे दोन-तीन विद्यार्थी तरी आता प्रत्येक वर्गात निघतात. मी मराठीचा अध्यापक. तरीही दाखल्यावर सही घ्यायला आलेली ही मुले माझ्यापाशी घटकाभर थांबतात आणि 'तुम्हाला काय वाटते?' असे विचारतात. मला काय वाटते ते एकदा सविस्तर लिहून टाकावे, म्हणून हा लेखप्रपंच.

या विषयावर आपल्याकडे दोनच मते ऐकू येतात. एक मत अध्यापकांच्या खोलीतले. 'म्हणजे लग्नाच्या फिती कापत बसणार! त्यासाठी पदवी कशाला हवी होती?' दुसरे मत चौकाचौकांतल्या जाहिरातींच्या फलकांवरचे. 'सहा महिन्यांत शिका, हमखास नोकरी मिळवा.' पहिल्या मतात तुच्छता आहे, दुसऱ्यात लोभ आहे. विषयाची ओळख मात्र दोहोंतही नाही. माझे म्हणणे असे की, चित्रपटाचे संकलन आणि पडद्यावरची चमत्कृती निर्माण करणे हा सुशिक्षित माणसाला शोभेल असा, किंबहुना शिक्षणाचा कस पाहणारा व्यवसाय आहे. पण त्यात शिरणाऱ्याने दोन गोष्टी पक्क्या ओळखूनच शिरावे. पहिली, या धंद्यात यंत्र चालवणाऱ्या बोटापेक्षा पारखणारा डोळा अधिक टिकतो. दुसरी, हे काम जितके चांगले होते तितके ते दिसेनासे होते. आणि न दिसणाऱ्या कामाचे मोल मिळवणे ही स्वतंत्र लढाई आहे.

आधी संकलनाचे पाहू. 'शोले' न पाहिलेला वाचक या अंकाला क्वचितच मिळेल. १५ ऑगस्ट १९७५ रोजी प्रदर्शित झालेला हा चित्रपट आपल्याच कर्नाटकात, बंगळूरजवळच्या रामनगरच्या खडकांत चित्रित झाला. गब्बरसिंग ठाकुराचे हात तोडतो तो प्रसंग आठवा. कोणालाही विचारा, तो छातीठोकपणे सांगेल की हात तुटताना मी पाहिले आहेत. प्रत्यक्षात पडद्यावर तसे काही दिसतच नाही. तलवारी उगारल्या जातात, खाली येतात, आणि पुढच्या क्षणी आपण वर्तमानात येतो. खांद्यावरची शाल दूर होते आणि हात नसलेला ठाकूर आपल्यासमोर उभा असतो. मधला घाव घातला तो संकलकाच्या कात्रीने, आणि तो पडला प्रेक्षकाच्या मनात. भयानक गोष्ट दाखवण्यापेक्षा ती नेमक्या जागी कापणे अधिक भयानक ठरते, हे ज्याला कळले त्याला निम्मे संकलन कळले.

ही कात्री चालवणारा माणूस मराठी होता. त्याचे नाव एम. एस. शिंदे. 'शोले'साठी चित्रित झालेली फीत तीन लाख फुटांच्या घरात होती असे सांगतात. पस्तीस मिलिमीटरची फीत मिनिटाला नव्वद फूट धावते. म्हणजे ही पन्नास तासांहून अधिक लांबीची सामग्री झाली. तिच्यातून सुमारे तीन तास वीस मिनिटांचा चित्रपट काढायचा होता. पंधरा-सोळा फूट पाहावेत, एक फूट ठेवावा, बाकीचे टाकावेत, असा हा व्यवहार. आणि टाकायचे तेही कोणाच्या तरी श्रमाने, पैशाने आणि अभिनयाने उभे राहिलेले! त्या वर्षीच्या फिल्मफेअर पारितोषिकांत 'शोले'ला अनेक विभागांत नामांकने होती. प्रत्यक्षात पारितोषिक मिळाले ते एकच, आणि ते संकलनाचे, शिंदे यांना. पुढे २००५ साली त्याच संस्थेने 'शोले'ला पन्नास वर्षांतील सर्वोत्तम चित्रपट ठरवले. पण चित्रपटातले संवाद लहान मुलांना पाठ झाले, खलनायकाच्या चेल्यांची नावेसुद्धा घरोघरी पोचली, आणि संकलकाचे नाव? २०१२ साली शिंदे मुंबईत वारले. अखेरच्या काळात ते धारावीतल्या लहानशा घरात, आर्थिक ओढाताणीत राहत होते, हे बहुतेकांना कळले ते त्यांच्या मृत्यूनंतर वर्तमानपत्रांतून.

ही हकीकत मी कोणाला घाबरवण्यासाठी सांगत नाही. या धंद्याच्या दोन्ही बाजू एकाच आयुष्यात इतक्या स्पष्ट दिसाव्यात असे उदाहरण विरळा, म्हणून सांगतो. कामाची उंची एवढी, आणि पदरात पडलेले माप एवढे.

आता चमत्कृतीकडे वळू. पुष्कळांची समजूत अशी की संकलन हा जुना धंदा आणि व्हीएफएक्स ही संगणकाबरोबर आलेली नवी विद्या. वास्तविक ही दोन्ही जुळी भावंडे आहेत. फ्रान्समध्ये झॉर्झ मेलिएस या जादूगाराने गेल्या शतकाच्याही आधी, १८९६ च्या सुमारास, हे ओळखले होते. कॅमेरा मध्येच थांबवावा, समोरची वस्तू बदलावी आणि पुन्हा चालू करावा. मग फितीचा जोड नीट बसवला की पडद्यावर माणूस अदृश्य होतो. म्हणजे पडद्यावरचा पहिला चमत्कार हाच मुळी एक जोड होता. आपल्याकडे दादासाहेब फाळके यांच्या हातातही या दोन विद्या एकत्रच होत्या. मुंबईच्या जे. जे. कलाशाळेत आणि बडोद्याच्या कलाभवनात त्यांनी चित्रकलेपासून छायाचित्रणापर्यंत जे जे शिकता येईल ते शिकून घेतले होते. १९१२ साली विलायतेहून कॅमेरा आणल्यावर त्यांनी पहिल्याने काय टिपले? कुंडीत रुजणारा वाटाणा. रोज थोडे थोडे चित्रण करून त्यांनी एका रोपाची अनेक दिवसांची वाढ काही क्षणांत डोळ्यांपुढे उभी केली. काळ कापून जोडण्याची ही करामत संकलनही आहे आणि चमत्कृतीही. पुढे ३ मे १९१३ रोजी मुंबईच्या कॉरोनेशन चित्रगृहात 'राजा हरिश्चंद्र' लोकांसमोर आला. 'लंकादहन' १९१७ चा आणि 'कालियामर्दन' १९१९ चा. 'कालियामर्दना'त बालकृष्ण झाली ती फाळक्यांची मुलगी मंदाकिनी. सरस्वतीबाई फाळके यांनी घरातला स्वयंपाक आटोपून काळोख्या खोलीत फितीला भोके पाडली, रसायने कालवली, फीत धुतली. भारतीय चित्रपटाच्या तंत्रज्ञांची यादी करायची झाली, तर त्यांचे नाव अगदी वर लिहावे लागेल. पण किती जणांना ते ठाऊक आहे? न दिसणाऱ्या हातांची परंपरा ही अशी पहिल्या दिवसापासूनची आहे.

आपल्या कोल्हापूरचेच पाहा. बाबुराव पेंटर हे नाटकांचे पडदे रंगवणारे कलावंत. त्यांनी स्वतःच्या हाताने कॅमेरा बनवला आणि 'महाराष्ट्र फिल्म कंपनी' उभी केली. त्यांच्या हाताखाली तयार झालेल्या मंडळींनी १९२९ साली कोल्हापुरातच 'प्रभात'ची स्थापना केली, १९३३ साली ती पुण्याला नेली. दामले आणि फत्तेलाल यांचा १९३६ चा 'संत तुकाराम' आजही पाहताना गहिवर येतो. त्यातले वैकुंठाला निघालेले विमान आपल्या आजच्या डोळ्यांना पुठ्ठ्याचे वाटत असेल. पण त्या चमत्काराआधी तुकारामाचे घर, संसार, भूक आणि आवलीचे बोलणे इतक्या खरेपणाने येते की विमानावर विश्वास बसतो. माझ्या मते चमत्कृतीच्या विद्येचा हा पहिला धडा होय. विश्वास विमानामुळे बसत नाही, विमानाच्या आधी जे घडते त्यामुळे बसतो. ज्याला कथा कळत नाही त्याचे विमान कितीही चकचकीत असले तरी जमिनीवरच राहते.

'प्रभात' बंद पडली, पण १९६० साली तिच्याच जागेत सरकारी चित्रपट शिक्षणसंस्था सुरू झाली. आज ती एफटीआयआय या नावाने ओळखली जाते. तिथल्या एका विद्यार्थिनीची कारकीर्द आमच्या विद्यार्थिनींनी मुद्दाम माहीत करून घ्यावी. रेणू सलुजा यांनी १९७४ साली अर्ज केला होता दिग्दर्शनासाठी. तिथे प्रवेश मिळाला नाही, तेव्हा त्यांनी संकलन घेतले. वर्गात त्या एकट्याच मुलगी होत्या. त्या काळी संकलन हे पुरुषाचे, रात्री-अपरात्री बंद खोलीत बसून करायचे काम समजले जाई. या बाईंनी पुढे 'जाने भी दो यारो' आणि 'अर्धसत्य' (दोन्ही १९८३), 'परिंदा' (१९८९), 'बॅंडिट क्वीन' असे एकमेकांशी काडीचेही साम्य नसलेले चित्रपट संकलित केले. 'परिंदा', 'धारावी', 'सरदार' आणि 'गॉडमदर' या चार चित्रपटांसाठी त्यांना संकलनाचे राष्ट्रीय पारितोषिक मिळाले. २००० साली, वयाची पन्नाशीही गाठण्याआधी, त्या गेल्या. 'अर्धसत्य' मूळचा श्री. दा. पानवलकरांच्या मराठी कथेवरचा आणि पटकथा विजय तेंडुलकरांची, हे मराठीचे विद्यार्थी जाणतातच. पण कागदावरची ती धगधग पडद्यावर नेमक्या कोणत्या क्षणी थांबवायची आणि कोणत्या क्षणी मोकळी सोडायची, हा निर्णय संकलनाच्या टेबलावर झाला. एकच व्यक्ती 'जाने भी दो यारो'चे हसे आणि 'अर्धसत्य'चा दाह एकाच वर्षी हाताळते, तेव्हा तिच्यापाशी यंत्राचे नव्हे, माणसाच्या मनाचे ज्ञान असते.

यंत्रे तर बदलतच गेली. रेणू सलुजा शिकल्या तेव्हा फीत हाताने कापायची, चिकटवायची आणि मोव्हिओला किंवा स्टीनबेक यंत्रावर मागेपुढे फिरवून पाहायची अशी रीत होती. १९८९ नंतर संगणकावरची संकलनयंत्रणा आली आणि कात्री, डिंक, टांगलेल्या फिती हे सारे हळूहळू अडगळीत गेले. अमेरिकेतले वॉल्टर मर्च यांनी दोन्ही युगे पाहिली. 'अपोकॅलिप्स नाउ' (१९७९) साठी साडेबारा लाख फूट फीत जमा झाली होती. त्या चित्रपटावरच्या संकलकांच्या कामाचे दिवस आणि अखेर चित्रपटात राहिलेले जोड यांचा हिशेब मर्च यांनी आपल्या पुस्तकात मांडला आहे. माणशी दिवसाला दीड जोडसुद्धा पडत नाही! सरासरी १.४७. मग दिवसभर ही माणसे काय करीत होती? जोडून पाहत होती, मोडत होती, विचार करीत होती. याच मर्च यांना पुढे 'द इंग्लिश पेशंट' (१९९६) साठी संकलनाचे ऑस्कर मिळाले, आणि संगणकावर संकलित होऊन ते पारितोषिक मिळवणारा तो पहिला चित्रपट ठरला. यंत्र बदलले, माणूस तोच. ज्याला निर्णय करता येतो त्याला नवे यंत्र शिकायला दोन महिने लागतात. ज्याला नुसते यंत्र येते त्याला निर्णय शिकायला आयुष्य पुरत नाही. म्हणून 'अमुक सॉफ्टवेअर सहा महिन्यांत शिका' अशी जाहिरात वाचली की मला हसू येते. सॉफ्टवेअर येईल हो. पण ते तीन वर्षांनी जुने झाल्यावर हातात काय उरेल?

आता व्हीएफएक्सच्या रोजच्या कामाकडे नीट पाहा, कारण इथेच फलकावरचे चित्र आणि प्रत्यक्ष यांत सर्वांत मोठी फारकत आहे. चित्रपटाच्या एका सेकंदात चोवीस चौकटी असतात. पाच सेकंदांच्या तुकड्यात एकशे वीस. नायकाच्या कमरेला बांधलेली तार पुसायची, किंवा त्याच्या मागचा रस्ता काढून तिथे किल्ला बसवायचा, तर एकेका चौकटीत त्याची बाह्यरेषा आखून त्याला मागच्या दृश्यापासून सोडवावे लागते. वाऱ्यावर उडणारे केससुद्धा सोडायचे नाहीत. या कामाला रोटो म्हणतात. कोणी रोटो करतो, कोणी नको असलेले पुसतो, कोणी कॅमेऱ्याची हालचाल मोजून देतो, आणि शेवटी कोणी हे सारे थर एकावर एक बसवून प्रकाश आणि सावल्या जुळवतो. आठवडाभर डोळे ताणून हे काम केले आणि ते अगदी चोख वठले, तर पडद्यावर काय दिसते? काहीच नाही. तार होती हेच कोणाला कळत नाही. काम बिघडले तरच ते दिसते. अशा कामाला समाधान आतूनच मिळवावे लागते. बाहेरून टाळी येणार नाही.

परदेशी चित्रपटांच्या कामातला हा खालचा, कष्टाचा भाग आपल्या देशात मोठ्या प्रमाणावर होतो: मुंबई, हैदराबाद, चेन्नई, बंगळूर. त्यात कौशल्य आहे, शिस्त आहे, वर चढायला पायऱ्याही आहेत. बंगळूरच्या कन्नड चित्रपटसृष्टीने 'के.जी.एफ.'च्या पहिल्या भागासाठी २०१८ चे विशेष दृश्यांचे राष्ट्रीय पारितोषिक मिळवले, तेलुगूतल्या 'ईगा'ने २०१२ चे मिळवले होते. एका माशीला नायक करून दोन तास प्रेक्षकाला खिळवून ठेवणे ही काही ऐरीगैरी गोष्ट नव्हे. तेव्हा 'हे आपल्या मुलांना कुठे जमायचे?' हा प्रश्न निकालात निघालेला आहे. जमते. प्रश्न आहे तो मोबदल्याचा आणि स्थैर्याचा.

त्यासाठी २४ फेब्रुवारी २०१३ ची रात्र आठवावी. त्या रात्री 'लाइफ ऑफ पाय'ला चमत्कृतिदृश्यांचे ऑस्कर मिळाले. पाँडिचेरीच्या मुलाची कथा, नावेतला तो वाघ बहुतेक प्रसंगांत संगणकावर घडवलेला, आणि तो घडवणारी मुख्य कंपनी 'ऱ्हिदम अँड ह्यूज'. तिच्या शाखा मुंबईत आणि हैदराबादेतही होत्या. पण पारितोषिकाच्या थोडेच दिवस आधी या कंपनीने दिवाळखोरीचा अर्ज केला होता. समारंभाच्या सभागृहाबाहेर रस्त्यावर चमत्कृती-कलावंतांची निदर्शने चालू होती. पारितोषिक स्वीकारणाऱ्या प्रमुखाने कंपनीच्या हलाखीचा उल्लेख करायला सुरुवात केली, तोच वेळ संपल्याचे संगीत वाजले आणि त्याचे बोलणे तोडले गेले. वाघ जगभर गाजला आणि वाघ घडवणारे रस्त्यावर आले.

असे का होते, हे वाणिज्य शाखेच्या विद्यार्थ्यांनी समजून घेण्यासारखे आहे. स्टुडिओ संपूर्ण कामाची एक ठोक रक्कम आधी सांगून कंत्राट घेतो. मग दिग्दर्शक म्हणतो, वाघ थोडा डावीकडे हवा. पुढच्या आठवड्यात म्हणतो, संध्याकाळऐवजी सकाळ हवी. प्रत्येक बदलाला शेकडो तास लागतात, पण ठरलेली रक्कम सहसा तेवढीच राहते. घर बांधणाऱ्या गवंड्याला भिंत चार वेळा पाडून बांधायला सांगावी आणि मजुरी एकदाच द्यावी, तसा हा प्रकार. शिवाय कॅनडा, ब्रिटन अशी सरकारे करसवलती देतात, आणि काम सवलतीमागोमाग देशोदेशी फिरते. त्या भाराखाली मोठमोठी घरे वाकतात. फेब्रुवारी २०२५ मध्ये टेक्निकलर हा समूह असाच कोसळला. रंगीत चित्रपटाला ज्याच्या नावाने लोक ओळखत, ते हे नाव. त्याबरोबर बंगळूर आणि मुंबईतली त्याची कामेही थांबली आणि हजारो जणांच्या नोकऱ्या एका झटक्यात गेल्या. त्यांत आपल्या भागातून बंगळूरला गेलेली मुले नसतील असे कोण म्हणेल?

माझा एक जुना विद्यार्थी कर्ज काढून एका खासगी संस्थेत हे शिकला. नोकरी लागली; पण आधी अनेक महिने नाममात्र विद्यावेतनावर, मग रात्रपाळीवर. तीन वर्षांनी भेटला तेव्हा म्हणाला, 'सर, सतरा चित्रपटांत काम केले. आईला दाखवायला श्रेयनामावलीत एकदाच नाव आले, तेही वाचेपर्यंत निघून गेले.' त्याच्या स्वरात रड नव्हती, नोंद होती. आज तो कन्नड मालिकांचे संकलन करतो आणि मराठी कामेही घेतो. 'दोन्ही भाषांतला विराम कळतो, म्हणून काम मिळते,' असे तो सांगतो. त्याचे हे वाक्य मला फार मोलाचे वाटते. माणूस बोलता बोलता कुठे थांबतो, गप्प बसण्याचा अर्थ होकार आहे की नकार, हे भाषेगणिक बदलते. दोन भाषांत वाढलेल्या आपल्या मुलांना हे ज्ञान घरच्या अंगणातच मिळते, आणि कोणत्याही संस्थेची फी भरून ते विकत घेता येत नाही.

काही सहकारी म्हणतील, आता कृत्रिम बुद्धिमत्तेचे यंत्र आले आहे; बाह्यरेषा तेच आखेल, तार तेच पुसेल, मग ही मुले काय करणार? आक्षेप खोटा नाही. ज्या कामात निर्णय कमी आणि घासणे अधिक, ते काम यंत्राकडे चाललेच आहे, आणि नवशिक्याची पहिली पायरी नेमकी तीच होती, ही खरी चिंतेची बाब आहे. पण या आक्षेपातून निघणारा निष्कर्ष वेगळा आहे. छापखान्यात खिळे जुळवणारे गेले, तरी मजकुरातले काय ठेवावे आणि काय गाळावे हे कळणाऱ्या माणसाची गरज गेली नाही. आमच्या या वार्षिकाचेच पाहा. लेख जुळवायला आज काही तास पुरतात, पण कोणता परिच्छेद काढला म्हणजे लेख उभा राहील हे ठरवायला पूर्वी लागे तेवढाच वेळ लागतो. तेव्हा यंत्र आले म्हणून या वाटेला जाऊ नका असे मी म्हणणार नाही. यंत्राच्या एक पायरी वर उभे राहण्याची तयारी करूनच जा, असे म्हणेन.

ही तयारी म्हणजे काय? विद्यार्थी मित्रांनो, पदवी अर्धवट टाकून पळू नका. एफटीआयआयमधल्या संकलनाच्या तीन वर्षांच्या अभ्यासक्रमाला पदवी लागतेच, आणि ती केवळ अट म्हणून नव्हे. कथा, नाटक, इतिहास, प्रकाशाचे पदार्थविज्ञान, सावलीची भूमिती हे सारे या टेबलावर रोज लागते. एखादा आवडता प्रसंग आवाज बंद करून दहा वेळा पाहा आणि प्रत्येक जोड कुठे पडला ते वहीत लिहा. मग डोळे मिटून नुसता ऐका. याला फी लागत नाही. कोणत्याही खासगी संस्थेत पैसे भरण्याआधी तिथून दोन वर्षांपूर्वी बाहेर पडलेल्या चार मुलांना स्वतः गाठा आणि त्यांना पगार विचारा; फलकाला विचारू नका. करारावर सही करताना जादा तासांचे काय, श्रेयनामावलीत नाव येणार का, मधेच काम सुटले तर काय, हे तीन प्रश्न तरी तोंडाने विचारा. आणि संघटनेची लाज बाळगू नका. सप्टेंबर २०२३ मध्ये अमेरिकेत मार्व्हलच्या चमत्कृती-कामगारांनी एकमताने कामगार संघटनेच्या बाजूने कौल दिला. एवढी वर्षे जे झाले नव्हते ते झाले, कारण कोणीतरी विचारायला सुरुवात केली.

आम्हा अध्यापकांचेही काही देणे लागते. मुलगा संकलन शिकायला निघाला की त्याला 'कारागीर' म्हणून हिणवण्याची खोड आपण सोडली पाहिजे. बाबुराव पेंटर कारागीर होते, दामले आणि फत्तेलालही होते. ज्या भूमीने अशा कारागिरांच्या जोरावर चित्रपट उभा केला, तिथे हा शब्द शिवी कसा होतो? महिन्यातून एक चांगला चित्रपट, एकदा मराठी आणि एकदा कन्नड, सभागृहात दाखवून त्यावर चर्चा घडवून आणणे काही अवघड नाही. त्या चर्चेत नायक कसा होता हे पुरे झाले; हा प्रसंग इथेच का कापला, हे विचारायला शिकवू या. आपल्या स्नेहसंमेलनाची चित्रफीत दर वर्षी कोणीतरी विद्यार्थी रात्री जागून कापतो आणि जोडतो. कार्यक्रमपत्रिकेत प्रमुख पाहुण्यांपासून मंडपवाल्यापर्यंत सर्वांची नावे असतात, त्याचे नसते. सुरुवात तिथूनच करावी. छपाईला एक ओळ जास्त लागेल.

शिंदे यांची कात्री आणि सरस्वतीबाईंची काळोखी खोली यांचे ऋण फेडणे आता कोणाच्याच हाती नाही. पण उद्या आपल्या वर्गातून जी मुले त्या वाटेने जाणार आहेत, त्यांना त्यांच्या कामाची किंमत ठाऊक असणे आणि ती मागण्याची हिंमत असणे, एवढे मात्र आपल्या हाती नक्कीच आहे. त्यांचे काम दिसू नये, हे कलेचे यश आहे. ती माणसेही दिसू नयेत, हा कलेचा नियम नाही. तो आपण पाडलेला पायंडा आहे, आणि पायंडा मोडता येतो.